विश्लेषण : शकुंतला भगत कोण होत्या? सुट्या भागांचा पूल त्यांनी हिमालयापर्यंत कसा नेला?

पावसाळ्यात उमरी, बिलोली, देगलूर भागात नाल्याला पूर आला, की गावाचा संपर्क तुटल्याची बातमी ठरलेली. मोठ्या नदीवरचा मोठा पूल आज ना उद्या होतो. वर्षानुवर्षे अडून राहतो तो ओढ्यावरचा छोटा पूल. नेमक्या याच छोट्या पुलांसाठी मुंबईच्या एका अभियंता प्राध्यापिकेने स्वतःचे पैसे पणाला लावले होते. त्यांचे नाव शकुंतला भगत.

पहिल्या महिला स्थापत्य अभियंता?

शकुंतला यांचा जन्म १९३३ चा. वडील एस. बी. जोशी हे पूलबांधणीतील नामवंत अभियंते, त्यामुळे पुलांची चर्चा घरातलीच. १९५३ मध्ये त्यांनी मुंबईच्या व्हीजेटीआयमधून स्थापत्य अभियांत्रिकीची पदवी घेतली. मोबाइलवर फिरणाऱ्या मजकुरात त्यांना सरसकट देशातील पहिल्या महिला स्थापत्य अभियंता म्हटले जाते. ते तितकेसे बरोबर नाही. केरळच्या पी. के. थ्रेसिया आणि लीलम्मा जॉर्ज यांनी १९४० च्या दशकातच मद्रासच्या गिंडी कॉलेजमधून ही पदवी मिळवली होती. थ्रेसिया तर पुढे केरळच्या मुख्य अभियंता झाल्या. अर्थात, भगत यांचे मोठेपण या क्रमांकावर मुळीच अवलंबून नाही.

अमेरिकेतील पेनसिल्व्हेनिया विद्यापीठातून पदव्युत्तर शिक्षण घेतलेल्या शकुंतला यांनी आयआयटी मुंबईत सहायक प्राध्यापक म्हणून शिकवले. तिथल्या अवजड संरचनांच्या प्रयोगशाळेच्या त्या प्रमुख होत्या. अशा प्रयोगशाळेत तुळई, खांब, सांधे यांच्यावर वजन वाढवत नेतात आणि कुठे, कधी, कसा तडा जातो ते पाहतात. कागदावरचा हिशेब आणि प्रत्यक्षातले पोलाद यांतला फरक तिथे डोळ्यांना दिसतो.

सुट्या भागांचा पूल म्हणजे काय?

ही कल्पना लोकांना सैन्यामुळे माहीत होती. दुसऱ्या महायुद्धात ब्रिटिश अभियंता डोनाल्ड बेली यांनी दहा फुटी पोलादी चौकटींचा पूल तयार केला. एक चौकट सहा जवान उचलू शकत, त्यामुळे क्रेनशिवाय काम होई. आपल्याकडे पूर किंवा दरड कोसळल्यावर लष्कर आजही बेली पूल उभारते. पण तो मुळात घाईच्या वेळेचा, तात्पुरता पूल.

भगत यांना पाहिजे होता कायमचा पूल. कारखान्यात ठरावीक मापाचे सुटे भाग बनवायचे, ट्रकने न्यायचे आणि जागेवर जोडायचे. त्याच भागांतून लहान-मोठ्या लांबीचा, कमी-जास्त रुंदीचा, हलक्या किंवा जड वाहतुकीचा पूल उभा राहिला पाहिजे. प्रत्येक ओढ्यासाठी नवा आराखडा करत बसायचे नाही. यात सगळी मेख सांध्यात असते, कारण भाग कितीही मजबूत असले तरी जोड ढिला पडला तर पूल गेला. शकुंतला आणि त्यांचे पती, यांत्रिकी अभियंता अनिरुद्ध भगत यांनी त्यासाठी युनिशिअर नावाचा सांधा शोधला. १९७२ मध्ये इन्व्हेन्शन प्रमोशन बोर्डाने त्याला सर्वोच्च पुरस्कार दिला.

मग अडले कुठे?

१९७० मध्ये दोघांनी क्वाड्रिकॉन ही कंपनी काढली. पेटंट होते, पुरस्कारही मिळाला. काम देणारे मात्र पुढे येत नव्हते. सरकारी खात्यांनी हात आखडता घेतला. त्यांची भीती अगदीच अनाठायी होती असे म्हणता येत नाही. पूल पडला तर माणसे मरतात आणि सही करणारा अधिकारी अडकतो. जुन्या पद्धतीचा पूल दहा वर्षे रखडला, तर मात्र कुणाचीच नोकरी जात नाही.

भगत दाम्पत्याने स्वतःच्या खिशातून पैसा घातला. १९७२ मध्ये हिमाचल प्रदेशातील स्पिती येथे पहिला पूल उभा राहिला. चार महिन्यांत तिथे दोन छोटे पूल झाले. स्पितीची निवड सोपी नव्हती. बर्फामुळे वर्षातले मोजकेच महिने हाताशी, अरुंद घाटरस्ते, अवजड यंत्रे पोहोचणे कठीण. पण ट्रकमध्ये मावणाऱ्या भागांचा खरा कस अशाच जागी लागतो.

त्यानंतर मागणी वाढली. १९७८ पर्यंत काश्मीरपासून अरुणाचल प्रदेशापर्यंत क्वाड्रिकॉनचे ६९ पूल झाले. शकुंतला भगत यांचा पुढे देश-विदेशातील सुमारे २०० पुलांच्या कामांशी संबंध आला. लंडनच्या सिमेंट अँड काँक्रीट असोसिएशनसाठी त्यांनी संशोधनही केले.

१९९३ मध्ये त्यांना वर्षातील सर्वोत्तम महिला अभियंता म्हणून गौरवण्यात आले. तेव्हा पदवी घेऊन ४० वर्षे झाली होती. २०१२ मध्ये त्यांचे निधन झाले.