छाया-प्रकाशाचे उपासक : कार्ल फ्रॉइंड

चित्रपट पाहताना आपले लक्ष नटनटींकडे असते. परंतु ज्याच्या दृष्टीने आपण ते सारे पाहतो, तो छायालेखक मात्र कॅमेऱ्यामागेच राहतो. अशा अप्रकाशित कलावंतांत कार्ल फ्रॉइंड यांचे स्थान फार वरचे आहे.

त्यांचा जन्म १६ जानेवारी १८९० रोजी बोहेमियात एका ज्यू कुटुंबात झाला. हा प्रदेश आज चेक प्रजासत्ताकात मोडतो. ते अकरा वर्षांचे असताना कुटुंब बर्लिनला आले. पंधराव्या वर्षी चित्रपट दाखविण्याच्या यंत्रावर ते उमेदवारी करू लागले आणि लवकरच त्यांच्या हाती कॅमेरा आला.

त्या काळी कॅमेरा बहुधा तिपाईवर एका जागी उभा असे. १९२४ साली दिग्दर्शक मुर्नाव यांनी एका वृद्ध द्वारपालावर मूकपट काढला. म्हातारपणामुळे त्याचा रुबाबदार गणवेश काढून घेतला जातो, अशी ती कथा. त्याचे दुःख लिखित पाट्यांवाचून दाखवायचे होते. फ्रॉइंड यांनी कॅमेऱ्यालाच चालते केले. आरंभीच्या दृश्यात तो पाळण्यातून खाली उतरतो आणि सायकलीवर बसून हॉटेलच्या दालनातून पुढे सरकतो. द्वारपाल मद्याने झिंगतो, तेव्हा त्याला जग कसे दिसते, हे दाखविण्यासाठी स्थूल देहाच्या फ्रॉइंड यांनी जड कॅमेरा छातीशी बांधला आणि ते स्वतः झोकांड्या खात चालले!

१९२७ च्या ‘मेट्रोपोलिस’ या प्रचंड मूकपटाच्या छायालेखनातही त्यांचा मोठा वाटा होता. १९२९ साली ते अमेरिकेस गेले. तेथे त्यांनी ‘ड्रॅक्युला’ चित्रित केला, तसेच ‘द ममी’चे दिग्दर्शन केले. चिनी शेतकऱ्यांच्या जीवनावरील ‘द गुड अर्थ’ या १९३७ च्या चित्रपटाने त्यांना ऑस्कर पारितोषिक मिळवून दिले. त्याच वर्षी, जर्मनीत ज्यूंचा छळ चालू असताना, ते तेथे परत गेले आणि आपल्या एकुलत्या कन्येला सुखरूप घेऊन आले. मागे राहिलेल्या तिच्या आईचा मात्र पुढे नाझी राजवटीने बळी घेतला.

साठी उलटल्यावर माणसे विश्रांतीचा विचार करतात. फ्रॉइंड यांनी १९५१ साली दूरचित्रवाणीचे नवे क्षेत्र पत्करले. ‘आय लव्ह लुसी’ ही विनोदी मालिका प्रेक्षकांसमोर, नाटकाप्रमाणे सलग सादर व्हायची होती. शिवाय ती उत्तम फिल्मवर उतरवायची होती. त्यासाठी एकाच वेळी तीन कॅमेरे लागत. परंतु एका कॅमेऱ्यासाठी योजलेला प्रकाश दुसऱ्याला जाचक ठरतो. प्रत्येक दृश्यासाठी दिवे हलवावेत, तर प्रेक्षक ताटकळणार! फ्रॉइंड यांनी बहुतेक दिवे वरून टांगले. प्रकाश सर्वत्र सारखा पसरला आणि जमीन कॅमेऱ्यांना फिरण्यास मोकळी राहिली. ही पद्धत पुढे असंख्य मालिकांनी स्वीकारली.

प्रकाश मोजण्याच्या उपकरणांतही त्यांनी मोलाची भर घातली. ३ मे १९६९ रोजी त्यांचे निधन झाले.

तरुणपणी ज्यांनी छाया-प्रकाशाचा गडद खेळ मांडून कीर्ती मिळविली, त्यांनीच उतारवयात ती सवय बाजूला ठेवून सरळ, स्वच्छ प्रकाश योजला. आपल्या कौशल्याचे प्रदर्शन न करता, कामाला जे हवे तेच द्यावे, हे त्यांच्या जीवनाचे मर्म होय.