बिनभिंतीचा तुरुंग : औंधचे श्रीमंत बाळासाहेब पंतप्रतिनिधी

औंधनिवासिनी श्री यमाई देवीच्या दर्शनास आपल्या सीमाभागातून अनेक कुटुंबे नेमाने जातात. मूळपीठाचा डोंगर चढताना वाटेत श्रीभवानी संग्रहालय लागते, तेथील चित्रे व शिल्पे पाहून मन प्रसन्न होते आणि हे सारे उभे करणारे संस्थानाधिपती श्रीमंत भवानराव ऊर्फ बाळासाहेब पंतप्रतिनिधी यांचे नाव ओठांवर येते. सूर्यनमस्कारांचा प्रसार करणारे राजे, चित्ररामायणाचे चित्रकार, कीर्तनकार, महाभारताच्या चिकित्सक आवृत्तीसाठी भांडारकर संस्थेला एक लक्ष रुपयांचे साहाय्य घोषित करणारे दाते, अशी त्यांची ओळख बहुतेकांना असते. त्यांच्या राज्यातील एका तुरुंगाची हकीकत मात्र क्वचितच सांगितली जाते. प्रस्तुत लेख मुख्यतः त्या तुरुंगाविषयी आहे.

बाळासाहेबांचा जन्म १८६८ सालचा. छत्रपतींच्या काळात प्रतिनिधीपद भूषविणाऱ्या परशुराम त्रिंबक यांचे हे घराणे. बाळासाहेबांचे उच्च शिक्षण पुण्याच्या डेक्कन कॉलेजात झाले. पदवी घेतल्यावर त्यांनी काही वर्षे वडिलांच्या हाताखाली संस्थानचा कारभार पाहिला. पुढे इंग्रज सरकारने तत्कालीन अधिपतींना पदच्युत केले आणि नोव्हेंबर १९०९ मध्ये गादी बाळासाहेबांकडे आली. त्या वेळी त्यांचे वय ४१ होते. संस्थान लहान, सुमारे ५०० चौरस मैलांचे, गावे बहात्तर आणि तीही सलग नव्हेत. औंध, आटपाडी, कुंडल असे त्याचे तुकडे विखुरलेले होते व गुणदाळचा भाग तर पार विजापूर जिल्ह्यात होता. आटपाडीचा मुलूख म्हणजे माणदेश, जेथे पाऊस वाट चुकूनच येतो. अशा राज्याची तिजोरी कधी भरलेली नसते, हे सांगणे नको.

बेळगावकरांना त्यांच्या कारकिर्दीतील एक गोष्ट ठाऊक असते, कारण तिचा आरंभ आपल्याच गावात झाला. लक्ष्मणराव किर्लोस्कर बेळगावात सायकलींचे दुकान व नांगरांचा छोटा कारखाना चालवीत होते. तेथील जागा सोडण्याची वेळ आली तेव्हा बाळासाहेबांनी त्यांना दहा हजार रुपये बिनव्याजी दिले आणि कुंडलजवळचा माळही दिला. तो माळ निवडुंगाने व सापांनी भरलेला होता. १९१० साली तेथे किर्लोस्करवाडी वसली. या वाडीत रात्रीच्या पहाऱ्यावर लक्ष्मणरावांनी शिक्षा भोगलेली माणसे नेमली होती. ज्यांच्या हाती कोणी ओसरीची किल्लीही दिली नसती त्यांच्या हाती साऱ्या वसाहतीची राखण दिली गेली. हा निर्णय लक्ष्मणरावांचा, राजांचा नव्हे. परंतु असले धाडस औंधच्या भूमीवर सुखेनैव चालू शकले, एवढी नोंद करणे भाग आहे.

त्या काळी शिक्षेची व्यवस्था कशी होती, हे थोडे लक्षात घ्यावयास हवे. गुन्हा सिद्ध झाला की सक्तमजुरी, पायात बेड्या, खडी फोडणे, चक्की पिसणे. मोठ्या गुन्ह्याला फाशी अथवा काळे पाणी. शिक्षा संपवून घरी आलेल्या माणसाला ना शेतावर काम मिळे, ना पंगतीत जागा. बरेचदा तो पुन्हा त्याच वाटेला लागे व पोलीस त्याला पुन्हा त्याच दारातून आत नेत. याहून कठोर कायदा १८७१ चा. त्याने कित्येक जमातींना जन्मतःच गुन्हेगार ठरविले. विजापूर, हुबळी, सोलापूर येथे अशा कुटुंबांच्या वसाहती होत्या आणि सोलापूरची सेटलमेंट तर काटेरी तारांच्या आत होती. तेथील मुलांनी काहीही केलेले नव्हते, तरी त्यांची हजेरी घेतली जाई. हा कायदा स्वातंत्र्यानंतर १९५२ साली रद्द झाला. निरपराध माणसाला तारेच्या आत ठेवण्याच्या त्या युगात औंधने अपराध सिद्ध झालेल्या माणसाला तारेशिवाय ठेवून पाहिले. माझ्या मते बाळासाहेबांच्या या कामाचे मोल त्या पार्श्वभूमीवरच कळते.

या कामाची मूळ कल्पना त्यांची नव्हती आणि त्यांच्या चरित्रकाराने ती त्यांच्या नावे मांडू नये. ती मॉरिस फ्रीडमन यांची. फ्रीडमन हे पोलंडमध्ये जन्मलेले ज्यू अभियंते. बंगळूर येथील सरकारी विद्युत कारखान्याचे प्रमुख असताना ते अध्यात्माकडे वळले, भारतानंद या नावाने संन्यस्त वृत्तीने राहू लागले व गांधीजींच्या सहवासात आले. (मुंबईचे सत्पुरुष श्री निसर्गदत्त महाराज यांच्या मराठी संवादांचा १९७३ साली प्रसिद्ध झालेला सुप्रसिद्ध इंग्रजी ग्रंथ याच फ्रीडमन यांनी सिद्ध केला, हे पुष्कळ भाविकांना माहीत नसेल.) बाळासाहेबांचे चिरंजीव आप्पासाहेब ऑक्सफर्डला शिकून, बॅरिस्टर होऊन परतले होते. त्यांची व फ्रीडमन यांची मैत्री जमली आणि फ्रीडमन औंधला आले.

त्यानंतरच्या घटना वेगाने घडल्या. नोव्हेंबर १९३८ मध्ये बाळासाहेबांनी सत्ता प्रजेच्या हाती देण्याची घोषणा केली. गांधीजींच्या सल्ल्याने राज्यघटना तयार झाली व जानेवारी १९३९ मध्ये ती अमलात आली. गावोगाव निवडलेली पंचायत, पंचायतींच्या प्रमुखांतून तालुक्याचे मंडळ आणि त्यांतून विधिमंडळ, अशी तिची रचना होती. गावातील लहानसहान तंट्यांचा निवाडा पंचायतीकडेच सोपविण्यात आला. राजांनी स्वतःच्या खासगी खर्चावरही मर्यादा घालून घेतली. वय वर्षे ७०, हाती तीस वर्षांची निर्वेध सत्ता आणि ती सोडावी असा प्रजेचा काही मोठा तगादाही नव्हता. या गोष्टीवर स्वतंत्र लेख व्हावा इतकी ती मोठी आहे. येथे ती ओझरती सांगून पुढे जावे लागते.

त्याच १९३९ साली आटपाडीजवळच्या उघड्या माळावर बंदिवानांची वसाहत सुरू झाली. तिला नाव दिले गेले स्वतंत्रपूर. तुरुंगाला असे नाव देणे यात विनोद वाटावा, परंतु चालकांच्या मनात विनोद नव्हता. वसाहतीला भिंत नव्हती. खुनासारख्या गंभीर गुन्ह्यांत शिक्षा झालेली माणसे येथे आणली गेली, त्यांना राहावयास घरे व कसावयास जमीन मिळाली. दिवसभर शेतीचे काम आणि ठरल्या वेळी हजेरी, एवढेच बंधन. पळून जाऊ नये यासाठी कुलूप नव्हते, केवळ शब्द होता. सर्वांत महत्त्वाचा भाग हा की बंदिवानाला आपली पत्नी व मुले यांसह येथे राहता येई.

या शेवटच्या तरतुदीचा अर्थ ग्रामीण जीवन जाणणाऱ्यास चटकन समजेल. आपल्याकडील खुनांमागे पुष्कळदा बांधाचा वाद, भाऊबंदकी, पाण्याची पाळी किंवा एका क्षणाचा संताप असतो. असा मनुष्य तुरुंगात गेला की त्याच्या मागे जमीन पडीक पडते, बायको दुसऱ्याच्या बांधावर मजुरीला जाते आणि मुले खुन्याची मुले म्हणून वाढतात. न्यायालयाने शिक्षा एकाला दिलेली असते, ती भोगतात पाचजण. स्वतंत्रपुरात निदान तेवढे टळले. बाप सकाळी शेतावर जातो व सायंकाळी परततो, हे मुलांच्या डोळ्यांना दिसत राहिले.

बाळासाहेबांनी हे का मान्य केले असावे? एखादा बंदिवान पळाला असता, त्याने पुन्हा हत्यार उचलले असते, तर दोष अभियंत्याला नव्हे, राजाला लागला असता; इंग्रज सरकारने तो लावलाच असता. मला वाटते, उत्तर त्यांच्या सूर्यनमस्कारांत आहे. ते स्वतः नित्यनेमाने नमस्कार घालीत, राज्यातील शाळांत त्यांनी ते सुरू केले, १९२८ साली त्यांवर इंग्रजी पुस्तक लिहिले. रोज ठरल्या वेळी केलेली छोटी कृती माणसाला हळूहळू बदलते, ही त्यांची जन्मभराची श्रद्धा होती. जे दुर्बल शरीराविषयी खरे मानले, तेच चुकलेल्या मनाविषयी खरे मानणे त्यांना अवघड गेले नसावे. शिवाय ज्याने आयुष्यभर रामकथा रंगविली, त्याला त्या कथेचा कवी लोकपरंपरेत वाल्या म्हणून ओळखला जातो, याची आठवण कोणी करून द्यावयास नको होती.

या प्रयोगावर एक आक्षेप आहे आणि तो खोटा नाही. ज्या घरातील माणूस मारला गेला, त्या घराने काय समजावे? त्यांचा कर्ता गेला आणि मारणारा मुलाबाळांत शेती करतो! कीर्तनात वाल्याची कथा ऐकताना आपण वाल्याने लुटलेल्या वाटसरूंच्या घरी जात नाही, हेही तितकेच खरे. स्वतंत्रपुराकडे या प्रश्नाचे पूर्ण उत्तर आहे, असे मला वाटत नाही. इतकेच म्हणता येईल की तेथे शिक्षा माफ झालेली नव्हती. बंदिवान हा बंदिवानच राहिला, त्याचा मुक्काम दुसऱ्याच्या इच्छेने ठरलेला होता आणि दररोजची हजेरी त्याला त्याच्या कृत्याची आठवण देत होती.

आणखी एक विसंगती नोंदवावीशी वाटते. चारच वर्षांनी, १९४३ पासून, औंध संस्थानातील कुंडल हे क्रांतिसिंह नाना पाटलांच्या प्रतिसरकारचे मोठे केंद्र बनले. त्या सरकारने गावगुंड, सावकार व फितूर यांना जरब बसविली. तळपायांवर फटके देण्याच्या शिक्षेवरून त्याला पत्री सरकार हे नाव पडले, असे लोक सांगतात. देशासाठी प्राण पणाला लावलेल्या त्या वीरांना दोष देण्याचा हेतू नाही. लढाईच्या धामधुमीत खटले चालवायला सवड नसते. पण एकाच लहानशा राज्यात, एकाच दशकात, शिक्षेच्या या दोन पद्धती नांदल्या हे खरे.

मार्च १९४८ मध्ये औंध संस्थान मुंबई राज्यात विलीन झाले. १९५१ साली बाळासाहेब कैलासवासी झाले. संस्थानांबरोबर संस्थानी उपक्रमही बुडतात, हा सर्वत्रचा अनुभव. स्वतंत्रपूर मात्र टिकले. १९५५ साली जिनिव्हा येथे संयुक्त राष्ट्रांच्या परिषदेने खुल्या तुरुंगांची शिफारस केली, त्या वेळी माणदेशातील ही वसाहत सोळा वर्षांची झाली होती. १९५७ साली व्ही. शांताराम यांचा दो आँखें बारह हाथ हा चित्रपट आला. त्याची कथा ग. दि. माडगूळकरांची. ते आटपाडी भागातील माडगुळ्याचे, औंधच्या शाळेत शिकलेले, म्हणजे बाळासाहेबांचेच प्रजाजन. १९५८ साली बर्लिनच्या महोत्सवात त्या चित्रपटाचा गौरव झाला आणि त्यातील प्रार्थना देशभरच्या शाळांतून म्हटली जाऊ लागली. चित्रपटातील तुरुंगाधिकाऱ्याचा अखेर मृत्यू होतो. आटपाडीची वसाहत अशा कोणत्याही नाट्याविना चालत राहिली.

ती आजही सांगली जिल्ह्यात महाराष्ट्र शासनाच्या कारागृह विभागाच्या अखत्यारीत आहे. जागा लहान असल्याने तेथे मोजकेच बंदिवान असतात व त्यांची कुटुंबे त्यांच्यासमवेत राहतात. औंधला देवीच्या दर्शनास जाणाऱ्या भाविकांना संग्रहालयात बाळासाहेबांचा कलासंग्रह पाहावयास मिळतो. स्वतंत्रपूर तेथून दूर, आटपाडीच्या माळावर आहे.