सायकलीमागचा माणूस

बँकेत तारण कर्जाच्या टेबलावर मी काही वर्षं काढली. बांगड्या, पाटल्या, क्वचित मंगळसूत्रसुद्धा तराजूत पडायचं. त्यामुळे 'बायसिकल थीव्ज' पाहताना मी अडकलो तो सायकल चोरीला जाते तिथं नाही, त्याच्या बराच आधी. गहाण पडलेली सायकल सोडवायला बायको घरातल्या चादरी गहाण टाकते. कारकून ते गाठोडं उचलून मांडणीवर चढतो आणि पार छतापर्यंत रचलेली तसलीच गाठोडी आपल्याला दिसतात. युद्धानंतरच्या रोमची परिस्थिती तेवढ्यात कळते.

१९४८च्या या चित्रपटाने दिग्दर्शक व्हित्तोरिओ दे सिका जगभर गाजला. तो मुळात देखणा, लोकप्रिय नट; नाव त्याचंच राहिलं. चेझारे झावात्तिनी हा लेखक मात्र श्रेयनामावलीतल्या गर्दीत उरला. मूळ कादंबरी लुइजी बार्तोलिनीची, पण तिच्यातलं नाव आणि थोडा सांगाडा एवढंच चित्रपटात आलं. १९५२ साली मुंबईच्या आंतरराष्ट्रीय महोत्सवात तो पाहून बिमल रॉय भारावले आणि पुढच्याच वर्षी 'दो बीघा जमीन' आला, हे आपल्याकडे अनेकांना ठाऊक असतं. झावात्तिनीचं नाव तिथंही कोणी घेत नाही.

हा माणूस १९०२चा, पो नदीकाठच्या लुझ्झारा गावचा. घरचा धंदा कॉफीच्या दुकानाचा. मिलानच्या प्रकाशनसंस्थांत त्याने नोकऱ्या केल्या, विनोदी पुस्तकं लिहिली, शनिग्रहाने पृथ्वीवर स्वारी केल्याची एक चित्रकथासुद्धा रचली! पुढं तोच लेखक सांगू लागला, की गोष्टी रचू नका, शेजारच्या माणसाकडे नीट बघा. एखाद्याच्या आयुष्यातली काहीच न घडणारी नव्वद मिनिटं पडद्यावर आणावीत, हे त्याचं स्वप्न होतं. ऐंशीच्या घरात, १९८२ साली, त्याने अखेर स्वतः एक चित्रपट दिग्दर्शित केला, त्यात मुख्य भूमिकाही स्वतःच केली. १९८९मध्ये तो गेला.

माझ्या मते त्याचं सर्वांत मोठं काम 'उंबेर्तो डी.', १९५२चं. त्याची कथा आणि पटकथा एकट्या झावात्तिनीची. निवृत्त सरकारी कारकून, तुटपुंजी पेन्शन, थकलेलं भाडं आणि एक कुत्रा. मुख्य भूमिकेत नट नव्हे, भाषाशास्त्राचे एक प्राध्यापक. चित्रपट चालला नाही. देशाची लाज चव्हाट्यावर मांडता म्हणून सरकारातून टीकाही झाली, ती ज्युलिओ आंद्रेओत्ती यांनी केली. ते पुढं पंतप्रधान झाले.

त्यात म्हातारा भीक मागायला हात पुढे करतो. कोणी पैसे देणार एवढ्यात तळवा पालथा करतो, जणू पाऊस पडतोय का ते बघतोय.

हे दृश्य मी निवृत्तीनंतर पाहिलं आणि एक गुरुजी आठवले. नोव्हेंबरात हयातीचा दाखला द्यायचा राहिला म्हणून त्यांची पेन्शन थांबली होती. जानेवारीत ते काउंटरवर आले. मी नियम सांगितला, फॉर्म पुढे सरकवला. त्यांनी खिशातलं स्वतःचं पेन काढून सही केली. काहीतरी विचारायला तोंड उघडलं, मिटलं, आणि भिंतीवरच्या कॅलेंडरकडे बघत राहिले.

मी पुढच्या टोकनचा नंबर पुकारला.