पंडित भातखंडे आणि त्यांची पुस्तके

सातवीनंतर माझी शाळा सुटली आणि गाण्याची हौसही मनातच राहिली. आता माझी मुलगी क्रमिक पुस्तक समोर ठेवून पेटीवर बसते. ते पुस्तक पं. विष्णु नारायण भातखंडे यांचे.

त्यांचा जन्म १८६० साली मुंबईस वाळकेश्वरी झाला. ते वकील होते. पत्नी व मुलगी देवाघरी गेल्यावर वकिली सोडून त्यांनी उरलेले आयुष्य संगीतास वाहिले. चिजा तेव्हा घराण्यांत जपून ठेवीत, परक्यास सहसा देत नसत. पंडितजींनी देशभर हिंडून त्या मिळविल्या, स्वरलिपीत उतरविल्या. त्यांतून क्रमिक पुस्तकमालिकेचे सहा भाग झाले. १९३६ साली ते वारले.

भगिनींनो, त्यांची स्वतःची लेक राहिली नाही. पण किती घरच्या लेकींच्या हाती त्यांनी गाणे दिले! आता मीही मुलीशेजारी बसून सा रे ग म वाचते.