फ्रिट्झ लँग : ‘मेट्रोपोलिस’ घडवणारा दिग्दर्शक

शिक्षक मित्रांनो आणि पालकहो, जवळजवळ शंभर वर्षांपूर्वीचा एक मूकपट आजही मोठ्या वर्गातल्या मुलांना दाखवावा असा आहे. त्याचं नाव ‘मेट्रोपोलिस’. तो बनवणाऱ्या फ्रिट्झ लँग यांची आज ओळख करून घेऊ.

लँग यांचा जन्म 5 डिसेंबर 1890 रोजी व्हिएन्ना येथे झाला. वडील बांधकाम व्यवसायात होते. पहिल्या महायुद्धात लँग सैन्यात होते. तिथे ते जखमी झाले आणि त्याच काळात पटकथा लिहू लागले. पुढे बर्लिनला जाऊन ते दिग्दर्शक झाले.

1924 साली त्यांनी न्यूयॉर्कच्या उंच, झगमगत्या इमारती पाहिल्या. ‘मेट्रोपोलिस’चं शहर त्यातूनच सुचलं, असं ते सांगत. कथा लिहिली त्यांच्या पत्नी थिआ फॉन हार्बू यांनी. वर मनोऱ्यांत मालक राहतात आणि खाली, जमिनीच्या पोटात, यंत्रांना जुंपलेले मजूर. मजुरांचा विश्वास असलेल्या मारियासारखाच दिसणारा यंत्रमानव तयार होतो आणि त्यांना भडकवतो. शेवटी, डोकं आणि हात यांना जोडायला हृदय हवं, असा संदेश मिळतो.

10 जानेवारी 1927 रोजी चित्रपट बर्लिनमध्ये झळकला, पण खर्च वसूल झाला नाही. मग त्याची बरीच काटछाट झाली. गाळलेला मोठा भाग थेट 2008 मध्ये अर्जेंटिनात सापडला!

एक गोष्ट मात्र मुलांपासून लपवू नका. पुराच्या प्रसंगासाठी बर्लिनच्या गरीब वस्त्यांतल्या शेकडो मुलांना कित्येक दिवस गार पाण्यात उभं केलं होतं. शोषणाविरुद्धचा चित्रपट, आणि तो बनवताना हे असं!

1933 मध्ये हिटलर सत्तेवर आला. लँग यांच्या नव्या चित्रपटावर बंदी आली आणि त्यांनी देश सोडला. थिआ मात्र तिथेच राहिल्या, नाझी पक्षाच्या सभासदही झाल्या. हृदयाचा संदेश लिहिणारा हात तो हाच! पुढे लँग यांनाही तो शेवट भाबडा वाटू लागला. 2 ऑगस्ट 1976 रोजी अमेरिकेत त्यांचं निधन झालं.

म्हणूनच सांगतो, केवळ संदेश फळ्यावर लिहून थांबू नका. आपल्या सोयींसाठी खाली कोण राबतंय? मोबाइलवर दिसणारा चेहरा खरा की बनावट, हे कसं ओळखायचं? हे प्रश्न मुलांना विचारा. उत्तरं त्यांनाच शोधू द्या.