दिसला नाही, पण ऐकू आला!

नटाचं भांडवल म्हणजे त्याचा चेहरा, असं आपण धरून चालतो. पण हॉलिवूडमध्ये एका इंग्रज नटाची कारकीर्द सुरू झाली ती चेहरा न दाखवता. १९३३ साली जेम्स व्हेल यांचा ‘द इन्व्हिजिबल मॅन’ पडद्यावर आला. अदृश्य होणारा नायक आपल्याकडे ‘मिस्टर इंडिया’मुळे (१९८७) घरोघरी पोचला, हा त्याचा कितीतरी थोरला भाऊ. डोकं पट्ट्यांत गुंडाळलेलं, नाही तर माणूस मुळी दिसतच नाही. चेहरा दिसतो तो अगदी शेवटी, मृत्यूनंतर, क्षणभर. तरीही क्लॉड रेन्स हे नाव प्रेक्षकांच्या लक्षात राहिलं ते त्याच्या आवाजामुळे. आणि हा आवाज काही त्याला जन्मानं मिळालेला नव्हता.

रेन्सचा जन्म १० नोव्हेंबर १८८९ रोजी लंडनमध्ये झाला. घरची गरिबी. बोली गल्लीतली, ठसकेबाज कॉकनी. त्यात बोलताना अडखळणं आणि ‘र’ जिभेवर न येणं. स्वतःचं आडनावदेखील ‘वेन्स’ व्हायचं! हा मुलगा दहा-अकरा वर्षांचा असतानाच नाटकाच्या जगात शिरला आणि पुढे थोर नट हर्बर्ट बीरबोम ट्री यांच्या हिज मॅजेस्टीज थिएटरात पडेल ते काम करू लागला. प्रवेशाची वेळ झाली की नटांना वर्दी द्यायची, विंगेत उभं राहून प्रॉम्प्टिंग करायचं. आपल्या संगीत नाटक कंपन्यांतही कितीतरी पोरं अशीच विंगेत वाढली. ट्री यांनी या पोराची धडपड हेरली आणि त्याच्या उच्चारांच्या शिकवणीचा खर्च स्वतः उचलला. बँकेच्या भाषेत सांगायचं, तर तारण नसताना दिलेलं हे कर्ज. ते सव्याज फिटलं.

मग पहिलं महायुद्ध आलं. लंडन स्कॉटिश पलटणीत रेन्स भरती झाला. १९१६ साली फ्रान्समध्ये विमीजवळ विषारी वायूच्या माऱ्यात सापडला आणि उजव्या डोळ्याची दृष्टी जवळजवळ गेली. साधा शिपाई म्हणून गेलेला हा माणूस कॅप्टन होऊन परतला. अधू डोळ्याचा त्यानं बोभाटा केला नाही; पडद्यावर तो कुणाला जाणवलाही नाही.

युद्धानंतर तो लंडनच्या नाट्य अकादमीत शिकवू लागला. ही संस्था १९०४ साली ट्री यांनीच स्थापन केलेली. ज्याला ‘र’ म्हणता येत नव्हता, तो आता इतरांना अभिनयाचे धडे देत होता! त्याच्या विद्यार्थ्यांत चार्ल्स लॉटन होता आणि जॉन गीलगुडही. ‘गांधी’ (१९८२) चित्रपटात लॉर्ड आयर्विन झालेले तेच हे गीलगुड.

विसाच्या दशकात रेन्स अमेरिकेला गेला. तिथं आधी रंगभूमी, मग सिनेमा. पडद्यावर नाव झालं तेव्हा वय होतं ४४. नायक होण्याचं वय सरलेलं, उंचीही बेताची. त्यामुळे वाट्याला आल्या त्या खलनायकाच्या आणि दुय्यम भूमिका. पण त्यानं त्या माणसांना काळं फासलं नाही. ‘कासाब्लांका’मधला (१९४२) फौजदार रेनो लबाड, तरी हवाहवासा. हिचकॉकच्या ‘नोटोरियस’मध्ये (१९४६) तो नाझींचा साथीदार, पण बायकोनं फसवलेला, त्याची कीव येते. ऑस्करसाठी चार वेळा नामांकन झालं, बाहुली मात्र एकदाही हाती आली नाही. मान मिळाला तो रंगभूमीकडूनच. १९५१ साली ‘डार्कनेस अ‍ॅट नून’साठी त्याला टोनी पुरस्कार मिळाला.

घर मात्र त्याला साधलं नाही. सहा लग्नं झाली. मन रमलं ते पेनसिल्व्हेनियातल्या शेतीत. ‘लॉरेन्स ऑफ अरेबिया’ (१९६२) हा त्याच्या अखेरच्या चित्रपटांपैकी एक, आपला आय. एस. जोहरही त्यात आहे. ३० मे १९६७ रोजी, ७७व्या वर्षी, रेन्स गेला.

आज घराघरांत ‘र’ला ‘ल’ म्हणणारी, अडखळणारी मुलं असतात. शाळेत त्यांची टर उडते. त्यांना हसण्याऐवजी कुणीतरी ट्री व्हायला हवं. कुणास ठाऊक, त्या अडखळण्याआड कुठला आवाज वाट पाहत असेल!