काचेच्या घरातील जादूगार
जॉर्ज मेलिएसचा जन्म १८६१ साली पॅरिस येथे झाला. वडिलांचा पादत्राणांचा कारखाना होता. परंतु त्याचे मन रमे जादूच्या खेळांत. आपला वाटा विकून त्याने १८८८ मध्ये नाट्यगृह घेतले. १८९५ मध्ये ल्युमिएर बंधूंची हलती चित्रे पाहून तो चित्रपटाकडे वळला. चित्रणासाठी भरपूर सूर्यप्रकाश हवा, म्हणून त्याने १८९७ मध्ये काचेचे घरच उभारले. तेथील देखाव्यांचे पडदे तो करड्या छटांतच रंगवी; कारण त्या काळच्या फितीवर तांबडा रंग काळा उमटे. १९०२ मध्ये त्याने प्रेक्षकांना चंद्रावर नेले! पुढे धंदा बुडाला. १९२३ मध्ये उद्वेगाने त्याने आपल्या मूळ फिती जाळल्या. केवढी ही दैवगती! नंतर तो मोंपार्नास स्थानकात खेळणी विकी. १९२९ मध्ये शोधून काढलेले त्याचे काही चित्रपट पॅरिसने पुन्हा पाहिले. १९३८ मध्ये तो निवर्तला.